सोळा महिन्यांची सर्दी

४ जानेवारी

मास्तरीणबाईंना,

माझा फोन तू उचलत नाहीस, म्हणून हे पत्र. पाकिटावरचं अक्षर ओळखून फाडून टाकू नकोस. काम माझं नाही, तुझ्या लेकीचं आहे.

मुंगीने जेवण टाकलंय. ताटावर बसते, चार घास चिवडते आणि "पोट भरलं" म्हणून उठते. नऊ वर्षांच्या पोरीचं पोट चार घासांत भरतं होय गं? फ्रॉक खांद्यावरून उतरायला लागलेत. कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये तीनशे माणसं माझ्या हातचं खाऊन बोटं चाटतात आणि घरातली एक मुंगी मला पोसता येत नाही, म्हणजे झालीच की शोभा! काल खोदून खोदून विचारलं, तेव्हा म्हणाली, "आई करायची त्या कांद्याच्या रिंगा हव्यात. कुरकुरीत. बाहेरच्या नकोत."

तेव्हा कृती लिहून पाठव. मी अंदाजपंचे करणारी बाई, पण तुझं सगळं मोजूनमापून असायचं. तसंच लिही, किती, कधी, किती वेळ.

धाकट्याला ह्यातलं काही सांगितलेलं नाही. तुझं नाव निघालं की माझा हा भाऊ चष्म्याच्या दुकानातून भिंगं घरी आणून घासत बसतो, रविवारीसुद्धा. मुंगीला तुझ्याकडे पाठवायचा विषय काढला की त्याचं एकच पालुपद, "गॅस उघडा टाकून जिला भान राहत नाही, तिच्या भरवशावर मी मुलगी सोडणार नाही." चौदा महिने हेच चाललंय. नवरा-बायकोच्या भांडणात मी पडत नाही, तुला माहीतच आहे.

तुझा हात कसा आहे?

ताई


१३ जानेवारी

मास्तरीणबाई,

तुझा कागद मिळाला. दहा पायऱ्या, वर "प्रिय" नाही, खाली "आपली" नाही. बरं केलंस, वेळ वाचला. अक्षर मात्र आधी ओळखूच आलं नाही मला. फळ्यावर तू लिहायचीस ते छापल्यासारखं. आणि आता दांडा एकीकडे, गाठ दुसरीकडे. बोटं अजून पूर्ण मिटत नाहीत का? एवढ्या दिवसांत मला वाटलं होतं, बरी झाली असतील. वाटून घेतलं होतं म्हण.

असो. प्रयोग केला, फसला. कांदे मोठे आणले. एक सेंटिमीटर जाड चकत्या म्हणालीस, तर मुंगीने कंपासपेटीतली पट्टी आणून प्रत्येक चकतीला लावली. कुणाची लेक! रिंगा सुट्या केल्या, अर्धा तास बर्फाच्या पाण्यात ठेवल्या. आतला पातळ पापुद्रा काढायला सांगितलास, तो अर्ध्यांचा काढला आणि अर्ध्यांचा राहिला. फडक्यावर कोरड्या करायच्या होत्या, ते घाईत नीट झालं नाही. तेलात सोडल्या तशी पिठाची बंडी एकीकडे, कांदा दुसरीकडे. कांदे कढईत उघडेबंब पोहत होते.

ज्या चारदोन धड निघाल्या त्यांची मी स्वतःच्या हाताने वाट लावली. पातेल्यात टाकल्या आणि वर झाकण! कॅन्टीनची खोड गं. तीनशे माणसांचं अन्न गार होऊ नये म्हणून हात आपोआप झाकणाकडे जातो. दहा मिनिटांत वाफ धरून सगळ्या लिबलिबीत. मुंगीने एक ओढून बघितली आणि म्हणाली, "आत्या, हे रबरबँड आहेत." धाकट्याने दोन खाल्ल्या आणि मीठ कमी आहे एवढंच म्हणाला. कशाचं काय आहे हे त्याने विचारलंसुद्धा नाही, पण तिसरी खाल्ली नाही, त्यावरून त्याला कळलं असणार.

एक विचारायचं होतं. तुझी नववी पायरी, "कांद्याचा गोडसर वास सुटला की काढा." दुसरी काही खूण आहे का? रंग, वेळ, काहीही चालेल. मला जरा सर्दी आहे.

ताई


२२ जानेवारी

मास्तरीणबाई,

जमल्या! अकरा रिंगा खाल्ल्या तुझ्या लेकीने, मी मोजल्या. सगळे पापुद्रे काढले, रिंगा फडक्यात दाबून कोरड्या केल्या, आधी कोरड्या मैद्यात घोळल्या, मग भिजवलेल्या पिठात. पीठ भिजवायचा सोडा बर्फात ठेवून इतका गार केला की बाटली धरवेना. वरून शिळ्या पावाचा चुरा, पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये आराम, मग एका वेळी चारच तेलात. झाकणाच्या जागी जाळी. मुंगी जाळीखाली वाकून बघत होती, तेल निथळतंय का म्हणून.

आणि खूण माझी मीच शोधली. कान! रिंग तेलात पडली की आधी तेल कल्ला करतं, कांद्यातलं पाणी बाहेर पळत असतं. मग आवाज हळूहळू बसतो, बारीक होतो. तो विरळ झाला की काढायची. अडीच ते तीन मिनिटं लागतात. तुझ्या कागदावर अकरावी पायरी म्हणून लिहून ठेव, विद्यार्थ्यांना उपयोगी पडेल.

खाताना पोरीच्या चेहऱ्यावर कितीतरी दिवसांनी रंग आला. मग मध्येच थांबली. म्हणाली, "आईकडे मी कधी जायचं?" मी म्हटलं, "बाबांना विचार." ती म्हणाली, "बाबा भिंगं घासतात." आणि उरलेल्या रिंगा तशाच टाकून उठली. तुझी आठवण काढायला मीच तिला साहित्य पुरवलं, दुसरं काय.

कागदाखाली ह्या वेळी तू एक ओळ लिहिलीस. "तुमच्यासारखं नाक असतं तर माझ्या हातून तसं झालं नसतं." ती दोनदा वाचली आणि कागद मैद्याच्या डब्याखाली सरकवून दिला. असलं काही लिहीत जाऊ नकोस.

सर्दी अजून आहे. कॅन्टीनमध्ये सकाळी दुधाचे कॅन येतात, तेव्हा कोठीवाल्या काकांना म्हणते, "घ्या हो जरा वास, माझं नाक चोंदलंय." ते बिचारे घेतात. परवा म्हणाले, "बाई, ही सर्दी आहे की बिऱ्हाड?" मी हसण्यावारी नेलं.

ताई


३० जानेवारी

मास्तरीणबाई,

हे तुला मुंगी रविवारी फोनवर सांगेलच, त्याआधी मीच सांगते.

मंगळवारी संध्याकाळी दूध तापत ठेवलं होतं. मी शेजारीच बसून तांदूळ निवडत होते. मुंगी बाहेरून धावत आली, "आत्या, करपलंय!" बघते तर पातेलं काळंठिक्कर. जिन्यापर्यंत वास गेला होता म्हणे. ती गॅस बंद करून माझ्यासमोर उभी राहिली आणि बघतच राहिली. मग कपाटातली अत्तराची बाटली आणून माझ्या नाकाखाली धरली. मग साबण. मग तिच्या बाबांचा बूट, देवा रे! शेवटी म्हणाली, "तुला वास येतच नाही."

तर हो, येत नाही. ताप आला होता, तो उतरला आणि जाताना नाक घेऊन गेला. डॉक्टर म्हणाले, परत येईल किंवा येणारही नाही. ह्याच हिवाळ्यातली गोष्ट. कॅन्टीनमध्ये कळलं तर नोकरीवर गदा, म्हणून कुणाला बोलले नाही. मुंगीला म्हटलं, आपलं गुपित. बाबांना सांगायचं नाही, त्यांना उगाच काळजी.

तेव्हापासून पोरगी माझं नाक झालीय. शाळेत जायच्या आधी स्टुलावर चढून शेगडीच्या प्रत्येक तोंडाशी वास घेते. परत आली की दप्तर पाठीवर तसंच ठेवून पुन्हा. खाली मैत्रिणी हाका मारतात तर म्हणते, "नंतर, आत्याचा स्वयंपाक चाललाय." वहीच्या मागच्या पानावर तक्ता केलाय, सकाळ, दुपार, संध्याकाळ, आणि पुढे बरोबरच्या खुणा. शाळेतून चिठ्ठी आली, तीनदा उशीर झाला म्हणून. ती मी सही करून दिली, धाकट्याला दाखवली नाही.

मला हे बरं वाटत नाही. पण ती ऐकत नाही.

ताई


६ फेब्रुवारी

तुला मी नावाने कधी हाक मारली नाही, मास्तरीण म्हणूनच चिडवत आले. आज तेही लिहायचा मला हक्क नाही.

मागच्या पत्रात मी खोटं लिहिलं. नाक ह्या हिवाळ्यात गेलेलं नाही. त्याच्या आधीच्या वर्षी, सप्टेंबरातल्या तापात गेलं. तुला भाजलं नोव्हेंबरात. आता हिशोब तूच कर, तुला जास्त चांगला येतो.

त्या दिवशी चार वाजता मी पाळीवरून आले. थंडी होती, म्हणून खिडकी लावून घेतली. दूध तापत ठेवलं आणि शेगडीकडे पाठ करून तांदूळ निवडायला बसले. दूध उतू गेलं असणार, ज्योत विझली असणार. मी अर्धा तास त्याच खोलीत बसले होते. अर्धा तास! मला कसलाच वास आला नाही. मग गच्चीवरचे कपडे काढायला गेले. दुधाची आठवणसुद्धा राहिली नव्हती. तू शाळेतून आलीस, मुंगीने रिंगा मागितल्या म्हणून कांदे घेऊन ओट्याशी गेलीस, सोलताना नाक-डोळे वाहायला लागले, त्यात वास कळला नसणार, आणि काडी ओढलीस.

सगळे तुला घेऊन दवाखान्यात धावले. मी मागे राहिले, घराकडे बघायला. शेगडीवर दूध सांडून वाळलेलं होतं. तेव्हा मला कळलं. कळलं आणि मी फडकं ओलं करून ते पुसून काढलं. पातेलं घासून पालथं घातलं. हात आपोआप गेला म्हणाले असते, पण तसं नाही. दोनदा फडकं पिळून, नीट बघून पुसलं मी.

मग दवाखान्यात विचारपूस झाली. गॅसवाला म्हणाला, खोली भरायला वीसेक मिनिटं तरी लागतात. आधी कोण होतं आत? मी होते. आणि तुझी जळलेली बोटं बांधत असताना तूच म्हणालीस, मला अजून ऐकू येतं ते, "ताई आत होत्या तोवर गॅस बंदच असणार. ताईंना वास आला असता. म्हणजे मीच कळ फिरवली आणि कांदे सोलत बसले." शहाणे गं, तुझी सिद्धता बरोबर होती. गृहीतच खोटं होतं. आणि ते खोटं आहे हे ठाऊक असलेलं एकच माणूस पलंगाच्या पायथ्याशी तोंडाला पदर लावून उभं होतं.

का गप्प बसले? पहिल्या दिवशी भीतीने. नोकरी जाईल, धाकटा काय म्हणेल. दुसऱ्या दिवशी, आता सांगितलं तर काल का नाही, म्हणून. मग रोज तेच. धाकटा तुला नाही नाही ते बोलायचा, तेव्हा मी "जाऊ दे रे, चूक होते माणसाकडून" असं म्हणायचे. म्हणजे वरून तुझी बाजू घेऊन मोठेपणाही मिरवला. तू इथून गेलीस, तेव्हा मी तुला डबा बांधून दिला होता. आठवलं की मला माझीच किळस येते.

आणि हे आज तरी का लिहितेय, तेही खरं सांगते. माझ्यात धीर आला असं समजू नकोस. आज सकाळी मुंगी स्टुलावर उभी होती. शेगडीला नाक लावून झालं, तक्त्यात खूण केली आणि उतरता उतरता म्हणाली, "आत्या, त्या दिवशी मी जिन्यात खेळत होते. आत असते तर मला वास आला असता. म्हणजे आईला माझ्यामुळे भाजलं ना?" अगदी साध्या आवाजात विचारलं, गणित बरोबर आलंय का विचारावं तसं. मी तिला जवळ ओढलं, नाही नाही म्हणत राहिले, पण का नाही ते सांगितलं नाही. ती शाळेत गेली आणि मी तशीच जमिनीवर बसले. तुझ्या डोक्यावर टाकलेलं ओझं पोरीने उचलून स्वतःच्या डोक्यावर घेतलं होतं आणि मी अजून तोंड मिटूनच होते.

हे पत्र आधी पेटीत टाकते. मला मी ओळखते, संध्याकाळपर्यंत पाय मागे घेईन. पत्र गेलं की मागे फिरायला वाट नाही. धाकटा सात वाजता येतो, तेव्हा त्याला सांगते.

क्षमा मागत नाही. तू कळ फिरवलेली नव्हतीस. तुझ्या हातून काहीही झालेलं नव्हतं. एवढंच पुन्हा पुन्हा वाच, बाकीचं पत्र जाळलंस तरी चालेल.

मुंगीची आत्या


१९ फेब्रुवारी

तुझा निरोप धाकट्याने सांगितला, "ताईंनी आता पत्र पाठवू नये." पाठवणार नाही. पण पोरगी इथून तुझ्याकडे यायला कशी निघाली हे तुला कळायला हवं, ती स्वतः सांगायची नाही. म्हणून हे एक.

धाकट्याला त्या संध्याकाळी सांगितलं. मला वाटलं होतं, घर डोक्यावर घेईल. ओरडला असता तर बरं झालं असतं. चष्मा काढून हातात धरून बसला. एकच विचारलं, "शेगडी कुणी पुसली होती?" मी म्हटलं, मी. मग म्हणाला, "मी तिला काय काय बोललो, ताई." त्यानंतर तुझा निरोप सोडला तर माझ्याशी बोललेला नाही. जेवणाचं विचारलं की मान हलवतो. माझ्यावर रागावलाय, त्याहून जास्त स्वतःवर. तुझ्या दारात तू त्याला आत घेतलं नाहीस, मुलीची पिशवी तेवढी घेतलीस, हेही त्याने सांगितलं नाही, मला त्याच्या चेहऱ्यावरून कळलं. तू केलंस ते बरोबर केलंस. त्याची वकिली मी करणार नाही, माझी तर नाहीच.

कॅन्टीनमध्येही सांगून टाकलं. साहेब चांगले म्हणायचे, काढलं नाही, भांड्यांकडे लावलंय. भांडी घासायला नाक लागत नाही. कोठीवाले काका तेवढे म्हणाले, "बाई, मला आधी सांगायचं होतंत." मी त्यांच्याकडे बघितलं नाही.

मुंगीलाही सांगितलं, शब्द न चावता. तुझ्या आईची चूक नव्हती, तुझी तर मुळीच नव्हती, माझी होती आणि मी लपवली. ती ऐकून घेऊन म्हणाली, "आईला माहीत आहे?" मी म्हटलं, पत्र टाकलंय. "मग आई आता रडणार नाही," असं म्हणाली. तू रडतेस हे फोनवर तिला कळत होतं, आम्हा दोघांना कधी कळलं नाही. माझ्यावर ती चिडेल, बोलणं टाकेल, ह्याची मी तयारी ठेवली होती. दोन दिवस माझ्या बाजूला फिरकली नाही. मी म्हटलं, चला, निदान हे तरी नीट झालं.

निघायच्या दिवशी धाकटा पिशवी घेऊन खाली गेला. मी दारात बसून तिच्या बुटाची नाडी बांधत होते. ती माझ्या डोक्यावरून आत स्वयंपाकघराकडे बघत होती. म्हणाली, "आत्या, आता तुझ्यासाठी वास कोण घेणार?"

मी म्हटलं, "कुणी नाही. मी गॅस बंदच ठेवणार."

"मग तू खाशील काय?"

खालून धाकट्याने हाक मारली. तिची दुसरी नाडी राहिली होती, ती बांधायला घेतली. गाठ काही केल्या बसेना. शेवटी तिनेच वाकून माझे हात बाजूला केले आणि स्वतः बांधली.